जांब कुणाचे? काकांचे की राघूंचे?

शनिवारी सकाळी कामरगावहून काकांचा फोन. "बाबू, राघूंनं जांबाची पार वाट लावली रे! दोन-चार धरून पिंजऱ्यात टाकतो. एक तुला पुण्याला पाठवू का?"

जांब म्हणजे आपला पेरू. पण माझी झोप उडाली ती 'पिंजरा' ऐकून.

"काका, थांबा! आत जाल."

काका हसले, मी सीरियस. वन्यजीव संरक्षण कायदा १९७२चा. २०२२च्या दुरुस्तीनंतर आपला साधा पोपट दुसऱ्या अनुसूचीत आहे. त्याला पकडणंच काय, त्याची अंडी-घरटं छेडणं हीसुद्धा कायद्याच्या भाषेत शिकारच. शिक्षा ३ वर्षांपर्यंत कैद, १ लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही.

"मग काय, राघूंच्या पंगती उठवू?" काका तडकले. प्रश्न रास्त होता.

मग फंडा सांगितला. फळ लिंबाएवढं झालं की त्याला कागदी किंवा कापडी पिशवी बांधायची. जाळी लावलीच तर जाड दोऱ्याची, बारीक छिद्रांची आणि ताणून. पातळ नायलॉनची सैल जाळी नको. तिच्यात पंख अडकून पाखरू तडफडून मरतं. जुन्या सीडी टांगा, पण जागा बदलत राहा. राघू हुशार, लवकर सरावतो.

पुढच्या रविवारी परत फोन. "खालच्या फांद्यांना पिशव्या बांधल्या. शेंड्याला हात पुरत नाही. तिथले जांब राघूंचे."

"आणि पिंजरा?"

"त्यात तुझ्या काकूनं कांदे ठेवले."