हाडकी-हाडवळ्याची वाटणी : भांडण भावांचे, फायदा कोणाचा?

चाकण, म्हाळुंगे, निघोजे, खराबवाडी या पट्ट्यात काम करताना आम्हाला एक वाक्य सतत ऐकू येते : "आपली जमीन आपल्याच भाऊबंदांनी घालवली." एमआयडीसी आली, रस्ते आले, जमिनीला सोन्याचा भाव आला आणि सख्खे चुलते कोर्टात समोरासमोर उभे राहिले. लोक याला घरातली हाव म्हणतात. आम्हाला हे मान्य नाही. हाव असेलही, पण भांडणाचे मूळ कायद्यात आहे.

महार वतन ही मालकी नव्हती. 1874 च्या वतन कायद्याने आपल्या माणसांना गावकीच्या वेठीला जखडले आणि बदल्यात हाडकी-हाडवळ्याचा तुकडा दिला. बाबासाहेबांनी 1928 मध्ये मुंबई कायदेमंडळात या कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले. "बाबासाहेबांनीच वतन सोडायला सांगितले, मग त्या जमिनीसाठी भांडता कशाला?" असे विचारणाऱ्यांनी ते विधेयक वाचावे. वेठ जावी आणि पूर्ण सारा भरून जमीन कसणाऱ्याकडेच राहावी, ही त्यामागची भूमिका होती. गुलामी सोडायची होती, जमीन नव्हे.

पुढे 1958 च्या कायद्याने कनिष्ठ गाव वतने रद्द झाली. जमीन सरकारजमा झाली आणि आकाराच्या तिप्पट रक्कम भरणाऱ्या वतनदाराला ती पुन्हा प्रदान करण्याची तरतूद झाली. पण कलम 5(3) मध्ये खुंटी मारून ठेवली : जिल्हाधिकाऱ्यांच्या पूर्वपरवानगीशिवाय आणि सरकार ठरवेल ती रक्कम भरल्याशिवाय या जमिनीचे हस्तांतरणही नाही आणि सरस-निरस वाटपही नाही. सातबाऱ्यावरची 'नवीन व अविभाज्य शर्त' ती हीच.

विक्रीच्या अटींत पुढे दुरुस्त्या झाल्या. आमचा आक्षेप मुळातल्या मांडणीवर आहे. परक्याला विकणे आणि भावाबहिणींनी आपापला हिस्सा वेगळा करणे या दोन गोष्टी कायद्याने एकाच दाव्याला बांधल्या. परिणाम असा की तीन पिढ्या उलटल्या तरी वाटप नाही. सातबाऱ्यावर पन्नास-पन्नास नावे, कुठे मेलेल्या आजोबांचेच नाव. कोणाचा तुकडा कोणता, हे कोणालाच सांगता येत नाही. दलालाला असेच शेत हवे असते. तो एका गरजू वारसाला गाठतो, थोडे पैसे हातावर ठेवतो, कुलमुखत्यारपत्र करून घेतो आणि बाकीच्यांना कळते तेव्हा कंपाउंड उभे असते. नोव्हेंबर 2025 मध्ये मुंढव्यातील सुमारे 40 एकर महार वतन जमिनीचा व्यवहार राज्यभर गाजला. गाजला तो एक. न गाजलेले किती, हे प्रत्येक वस्तीला विचारा.

काही कार्यकर्ते म्हणतात, शर्त काढली तर उरलीसुरली जमीनही जाईल. ही भीती खरी आहे. म्हणूनच आमची मागणी नेमकी आहे : विक्रीवरचे नियंत्रण ठेवा, पण वारसांमधल्या वाटपाला नजराणा नको, परवानगीचे हेलपाटे नकोत. हिस्सा मोजून ताब्यात असलेला माणूस दलालाला नाही म्हणू शकतो. नुसते नाव असलेल्याला ते जड जाते.

न्यायालयाचे दार बंद नाही. 1982 मध्ये नागेश बिस्तो देसाई खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की वतन रद्द होऊन पुन्हा प्रदान झालेली जमीन एकत्र कुटुंबाचीच राहते आणि तिची वाटणी मागता येते. तो खटला देसायांच्या मोठ्या वतनाचा होता. देसायांच्या धाकट्या पातीला जो न्याय मिळाला, तो महारवाड्यातल्या धाकट्या भावाला का नको? हा प्रश्न आपल्या वकिलांनी कोर्टात विचारलाच पाहिजे.

आणि एक प्रश्न आपल्या घरासाठी. हिंदू वारसा कायदा बौद्धांनाही लागू आहे. महाराष्ट्राने 1994 मध्ये आणि केंद्राने 2005 मध्ये मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतका हक्क दिला. 2020 मध्ये विनीता शर्मा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की हा हक्क जन्मापासूनचा आहे. तरी मोबदल्याचा चेक येणार म्हटले की आपल्याकडेही बहिणीपुढे हक्कसोडपत्र सरकवले जाते. हिंदू कोड बिलासाठी मंत्रिपद सोडणाऱ्या बाबासाहेबांचा फोटो ज्या भिंतीवर आहे, त्याच भिंतीखाली ही सही घेतली जाते. हे थांबले पाहिजे.

तरुणांनी काय करावे? आधी मुलींसह सर्व वारसांची नोंद करून घ्या. सगळ्यांची संमती असेल तर महसूल संहितेच्या कलम 85 खाली तहसीलदारांकडे वाटपाचा अर्ज द्या, शर्तीच्या परवानगीचा अर्ज त्याच वेळी लावा. संमती नसेल तर दिवाणी दावा करा आणि लिस पेंडन्सची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवा, म्हणजे दावा चालू असताना जमीन घेणारा "मला माहीत नव्हते" म्हणू शकणार नाही. अनुसूचित जाती आणि महिलांना 1987 च्या कायद्याने मोफत वकील मिळतो, तो मागा. कुलमुखत्यारपत्रावर एकट्याने सही करू नका.

भाऊबंदकी मिटवायला नुसते उपदेश पुरत नाहीत, मोजणीचे दगड लागतात. ते दगड रोवण्याचा हक्क मिळवणे, हाही आंबेडकरी चळवळीचाच कार्यक्रम आहे.

जय भीम!