वाफ्याच्या कडेस विटा की रोपे?

शाळेच्या वा ग्रामपंचायतीच्या आवारात बाग केली की पायवाटेच्या दोन्ही अंगांस तिरप्या विटा रोवावयाच्या आणि स्वातंत्र्यदिनाच्या आदल्या दिवशी त्यांस गेरू व चुना फासावयाचा, असा परिपाठ अनेक गावी आढळतो. अशी दातेरी कड बागेपेक्षा कवायतीच्या मैदानास अधिक शोभेल. शिवाय पुढच्याच सरीत चुना धुऊन जातो. काळ्या जमिनीत तर विटांची ओळ सरळ राहतच नाही. ही जमीन पावसाळ्यात फुगते व उन्हाळ्यात भेगाळते. त्यायोगे विटा कलतात आणि त्यांच्या फटींतून वाफ्यातील माती वाटेवर येते.

त्याऐवजी कडेस ठेंगण्या रोपांची दाट ओळ लावणे श्रेयस्कर होय. मुळे काठची माती धरून ठेवतात आणि पाने वाटेवर किंचित झुकल्याने तिचा रुक्षपणा जातो.

या कामी पावसाळी लिलीस प्रथम स्थान द्यावे. तिचे कांदे पावसाळ्याच्या तोंडी 8 ते 10 सेंटिमीटर अंतरावर लावावेत. भारी जमिनीत पाणी साचून कांदे कुजतात; म्हणून चरात वाळू व कुजलेले शेणखत मिसळावे. हे कांदे विषारी असल्याने परसबागेत कांदा-लसणाच्या वाफ्यालगत मात्र ही लिली कदापि लावू नये. भरपूर उन्हाच्या जागी चिनी गुलाब व थोड्या सावलीत पानओवा लावावा. दोन्ही फाट्यांपासून सहज येतात. हरळी कडेस लावण्याचा मोह टाळावा. ती वाफ्यात शिरली की खुरपणाऱ्याच्या नाकी नऊ येतात.

‘विटांना पाणी लागत नाही, रोपांना कोण घालणार?’ हा आक्षेप रास्त आहे. पाण्याअभावी लिलीची पाने उन्हाळ्यात सुकतात व कड ओकी दिसते, हे मान्य केलेच पाहिजे. परंतु जमिनीतील कांदे जिवंत राहून पावसाबरोबर पुन्हा फुटतात. हातपंपाजवळ सांडणारे पाणी चराने वळविल्यास इतर रोपांचीही सोय होते.

सारी बाग एकदम उकरू नये. प्रथम एकाच वाटेच्या विटा काढाव्यात. दोन-तीन वर्षांत लिलीची दाटी होईल. तेव्हा ती विरळ करून निघालेल्या कांद्यांतून दुसरी वाट करावी.