अफवा आणि वऱ्हाडातील स्त्रिया

समाजमाध्यमांवरील अफवा, म्हणजे शहानिशा न होता एका मोबाइलवरून दुसऱ्यावर जाणारा मजकूर, परंपरेने बांधलेल्या समाजात पोहोचते, तेव्हा तिचा भार स्त्रियांवर अधिक पडतो, अशी संपादक मंडळाची धारणा असल्याने हा अंक त्या विषयाला वाहिला आहे. २०२१ मध्ये कोविडची लस घेतल्याने माणसे दगावतात ही अफवा मेळघाटातील कोरकू आदिवासींच्या गावांत पसरली, आणि ती खोडण्यासाठी दारोदार फिरण्याचे काम मुख्यतः आशा, म्हणजे गावपातळीवरील आरोग्य स्वयंसेविका, आणि अंगणवाडी सेविका यांच्या वाट्याला आले. ज्या गावात राहायचे त्याच गावाचा संशय पत्करून त्यांनी ते केले, याची पुरेशी नोंद झालेली नाही, हे खेदाचे आहे. नोव्हेंबर २०२१ मध्ये अमरावतीत हिंसाचारानंतर अफवा रोखण्यासाठी इंटरनेट बंद झाले आणि मे २०२३ मध्ये समाजमाध्यमावरील मजकुरावरून अकोल्यात दंगल उसळली. अशा वेळी मुलींचे कॉलेज आणि मोबाइल प्रथम बंद होतात का, आणि बदनामीच्या भीतीने त्यांची लग्ने लवकर उरकली जातात का, हे प्रश्न पुढील लेखांत केंद्रस्थानी आहेत. वाचकांनी, विशेषतः सेविकांनी आणि विद्यार्थिनींनी, आपले अनुभव व मतभेद मोकळेपणाने कळवावेत. इच्छा असल्यास नाव गुप्त राखले जाईल.