विश्लेषण : ऑनलाइन कार्ड गेममध्ये तुमची ‘जोड’ कोण लावते?

‘सामना शोधा’ हे बटण दाबले की काही सेकंदांत प्रतिस्पर्धी समोर येतो. तो कोण, कुठला आणि तोच का, हे मात्र खेळणाऱ्याला कळत नाही. सातारा-सांगलीतल्या मुलांना जगभरातले प्रतिस्पर्धी सहज मिळतात, शेजारच्या गल्लीतला मिळत नाही. असे का होते आणि त्यावर काय करता येईल?

गावच्या जत्रेत कुस्तीची जोड कशी लागते, हे सातारा-सांगलीत कोणाला सांगावे लागत नाही. पैलवान मैदानात फिरतो, पंच दोघांना शेजारी उभे करतात, अंगकाठी, वय, तालीम पाहतात आणि मग कुस्ती लागते. जोड हलकी-भारी वाटली तर कडेला बसलेले लोकच आवाज उठवतात. लहान पोरांच्या रेवड्यांवरच्या कुस्त्या आधी, मोठ्या इनामाच्या शेवटी, हा क्रमही ठरलेला. हेलसिंकीत १९५२ साली ऑलिम्पिकचे कांस्यपदक जिंकणारे कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव असोत की सांगलीच्या कवठेपिरानचे हिंदकेसरी मारुती माने, या मातीत मोठे झालेल्या प्रत्येकाची सुरुवात कोणीतरी लावून दिलेल्या जोडीतूनच झाली.

याच दोन जिल्ह्यांतली आजची मुले मोबाइलवर कार्ड गेम खेळतात तेव्हाही त्यांची जोड कोणीतरी लावतच असते. फरक इतकाच की हे पंच दिसत नाहीत आणि त्यांचे नियम कुठे लिहून लावलेले नसतात.

हा खेळ रमी आहे का?

नाही. ‘मोबाइलवर पत्ते खेळतो’ म्हटले की घरातल्या मोठ्यांच्या डोळ्यांसमोर रमी उभी राहते आणि वाद सुरू होतो. ट्रेडिंग कार्ड गेम हा वेगळा प्रकार आहे. रमीत सगळे एकाच कॅटमधून खेळतात. इथे प्रत्येक खेळाडू आपापला कॅट घरून बांधून आणतो. हजारो कार्डांतून निवडक कार्डे घ्यायची, त्यांचा एकमेकांशी मेळ बसवायचा आणि समोरच्याच्या कॅटशी डोके लढवायचे. गणितात डॉक्टरेट केलेल्या रिचर्ड गारफिल्ड यांचा ‘मॅजिक : द गॅदरिंग’ १९९३ मध्ये आला आणि हा प्रकार रुजला. पोकेमॉनची कार्डे १९९६ मध्ये जपानमध्ये आली. पुढे ‘हार्थस्टोन’, ‘मॅजिक अरीना’, ‘यू-गी-ओह मास्टर ड्युएल’, ‘पोकेमॉन टीसीजी लाइव्ह’ आणि २०२४ च्या ऑक्टोबरमध्ये ‘पोकेमॉन टीसीजी पॉकेट’ असे हे खेळ मोबाइल-संगणकावर स्थिरावले. कॅटचा आकार खेळागणिक बदलतो. मॅजिक आणि पोकेमॉन लाइव्हमध्ये ६० कार्डे, हार्थस्टोनमध्ये ३०, तर पॉकेटमध्ये २०.

आज तिशी-पस्तिशीत असलेल्यांना हे अगदीच परके वाटू नये. उंची, वजन, छाती असे आकडे छापलेली कुस्तीपटूंची ट्रम्प कार्डे आणि वेफर्सच्या पुड्यातून निघणारे टॅझो त्यांनी मधल्या सुट्टीत खेळले आहेत. तेव्हा प्रतिस्पर्धी शोधायला बाक सोडून मागे वळले की पुरत असे.

बटण दाबल्यावर काय होते?

खेळाडूचे नाव एका रांगेत लागते. गेमचा सर्व्हर प्रत्येकाच्या नावापुढे एक आकडा ठेवतो. हे त्याचे रेटिंग. सर्व्हर जवळपास तेवढ्याच रेटिंगचा दुसरा खेळाडू रांगेत शोधतो. सापडला तर सामना लागतो. नाही सापडला तर तो शोधाची मर्यादा हळूहळू रुंदावत नेतो. सुरुवातीला ५० गुणांच्या फरकातला चालेल, थोड्या वेळाने १०० च्या, मग २०० च्या, असे साधारण गणित. म्हणूनच भल्या पहाटे किंवा कमी खेळल्या जाणाऱ्या प्रकारात बसलेल्याला बरेचदा आपल्यापेक्षा फार भारी किंवा फार हलका प्रतिस्पर्धी मिळतो.

या रेटिंगचे मूळ बुद्धिबळात आहे. भौतिकशास्त्राचे प्राध्यापक अर्पाद एलो यांची पद्धत ‘फिडे’ या जागतिक संघटनेने १९७० मध्ये स्वीकारली. तिचा गाभा सोपा आहे. दोघांचे रेटिंग सारखे असेल तर जिंकण्याची शक्यता निम्मी-निम्मी. २०० गुणांचा फरक असेल तर वरच्याला शंभरात सुमारे ७६ आणि ४०० चा असेल तर सुमारे ९१ गुणांची अपेक्षा. अपेक्षेपेक्षा चांगला निकाल आला की रेटिंग चढते, वाईट आला की उतरते. कार्ड गेम हीच कल्पना आपापल्या फेरफारांसह वापरतात.

इथे एक गोम आहे. पडद्यावर दिसणारा ब्राँझ, सिल्व्हर, गोल्ड असा दर्जा आणि सर्व्हरकडे असलेले खरे रेटिंग या अनेक खेळांत दोन वेगळ्या गोष्टी असतात. दर्जा महिन्याअखेर किंवा हंगामाअखेर खाली येतो, छुपे रेटिंग तसेच राहते. ‘मी तर सिल्व्हरमध्येच आहे, मग एवढा तयारीचा गडी समोर कसा?’ या नेहमीच्या तक्रारीचे उत्तर बहुतेक वेळा यात सापडते.

नवख्याने कोणत्या रांगेत उभे राहावे?

बहुतेक खेळांत निदान तीन रांगा असतात. दर्जाची, सरावाची आणि प्रवेशशुल्काच्या स्पर्धेची. कॅट नवा असेल तर सरावाची रांग बरी. मॅजिक अरीनाच्या साध्या रांगेत समोरच्या कॅटची ताकदही पाहिली जाते, त्यामुळे सुरुवातीच्या कार्डांवर खेळणाऱ्याची गाठ थेट महागड्या कॅटशी पडण्याची शक्यता कमी होते. काही खेळ नवख्यांसमोर चक्क संगणकी खेळाडू बसवतात. त्यात गैर काही नाही, पण तसे स्पष्ट सांगितले जात नाही आणि पोरगे माणसाला हरवल्याच्या आनंदात राहते.

मैत्रिणीशी किंवा भावाशी खेळायचे तर?

खरी अडचण इथे येते. समजा, विट्यातल्या मुलीला साताऱ्यातल्या मावसभावाशी खेळायचे आहे. दोघांनी एकाच वेळी ‘सामना शोधा’ दाबून उपयोग नाही. रांगेत हजारो लोक असतात, दोघे एकमेकांना सापडण्याची शक्यता नगण्य. त्यासाठी खासगी सामन्याचा पर्याय वापरावा लागतो आणि तो प्रत्येक खेळात वेगळ्या ठिकाणी असतो.

पोकेमॉन पॉकेटमध्ये दोघांनी खासगी सामन्यात जाऊन एकच पासवर्ड टाकायचा. तो ‘१२३४’सारखा सोपा ठेवला तर तोच टाकलेला भलताच कोणी समोर येऊ शकतो, म्हणून जरा आडवळणाचा शब्द निवडावा. मॅजिक अरीनात समोरच्याचे नाव त्यापुढच्या आकड्यांसह जसेच्या तसे लिहावे लागते. आकडे राहिले की आव्हान पोहोचतच नाही. हार्थस्टोनमध्ये अमेरिका, युरोप आणि आशिया-पॅसिफिक असे विभाग आहेत. दोघे वेगवेगळ्या विभागांत असतील तर सामना लागत नाही आणि एका विभागातली कार्डे दुसऱ्यात जात नाहीत. खाते उघडतानाच घरच्यांनी, मित्रांनी एक विभाग ठरवला तर पुढचा मनस्ताप वाचतो. याशिवाय दोघांकडे गेमची एकच, ताजी आवृत्ती हवी.

मध्येच रेंज गेली तर?

हे खेळ आळीपाळीने खेळायचे असल्याने त्यांना फार वेगवान इंटरनेट लागत नाही. गोळीबाराच्या खेळात क्षणभराचा उशीर घात करतो, इथे तो जाणवतही नाही. लागते ते न तुटणारे इंटरनेट. पाटण, जावळी, महाबळेश्वरच्या डोंगरात किंवा वीज गेल्यावर नेमके तेच मिळत नाही. जोडणी तुटली तरी खेळाडूचे घड्याळ चालू राहते. वेळेत परत आल्यास बहुतेक खेळ त्याच सामन्यात नेऊन बसवतात, नाहीतर हार नोंदवली जाते. वसतिगृहाच्या वायफायवर सामना सतत ‘शोधत’च राहत असेल तर त्या जाळ्यावर खेळांचे मार्ग बंद असण्याची शक्यता मोठी. तेव्हा मोबाइल डेटावर एकदा पडताळून पाहावे.

जोड लावणाऱ्याचा हेतू काय?

जत्रेतल्या पंचाला चटकदार कुस्ती हवी असते. गेम कंपनीला खेळाडू टिकायला हवा असतो. हे दोन हेतू बरेचदा जुळतात, पण नेहमीच नाही. अमेरिकेत ‘अ‍ॅक्टिव्हिजन’ कंपनीला २०१७ मध्ये एक पेटंट मिळाले. खेळाडूला खरेदीचा मोह व्हावा अशा रीतीने त्याची गाठ दुसऱ्याशी घालून देण्याची पद्धत त्यात होती. ती कोणत्याही खेळात वापरलेली नाही, असा खुलासा कंपनीने केला. त्याच वर्षी एका शोधनिबंधात ‘बरोबरीचा सामना’ याऐवजी ‘खेळाडू खेळत राहील असा सामना’ हे उद्दिष्ट ठेवून जोड लावण्याची पद्धत मांडली गेली आणि तो लिहिणाऱ्यांत ‘इलेक्ट्रॉनिक आर्ट्‌स’चे संशोधक होते.

वर उल्लेखलेले कार्ड गेम असे करतात, असा याचा अर्थ नाही. पण असे करता येते, हे यावरून सिद्ध होते. तीनदा हरल्यावर चौथ्यांदा हलका प्रतिस्पर्धी आला तर तो योगायोग की योजना, हे बारा-तेरा वर्षांच्या मुलाने कसे ओळखायचे? कुस्तीची जोड चारचौघांत लागते म्हणून तिच्यावर विश्वास बसतो. गेम कंपन्यांनीही जोड लावताना कोणत्या गोष्टी पाहिल्या जातात आणि केलेल्या खर्चाचा त्याच्याशी संबंध आहे की नाही, एवढे तरी सोप्या भाषेत जाहीर करायला हवे. त्यात कोणतेही व्यापारी गुपित फुटत नाही.

कायदा काय म्हणतो?

ऑनलाइन गेमिंगचे प्रोत्साहन आणि नियमन करणारा कायदा संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये मंजूर केला आणि २२ ऑगस्टला त्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली. पैसे लावून पैसे जिंकण्याच्या खेळांवर, ते कौशल्याचे असोत वा नशिबाचे, त्यात बंदी आहे. असा खेळ चालवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक कोटी रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. ई-स्पोर्ट्‌स आणि सामाजिक खेळांना मात्र मान्यता आहे. निव्वळ कार्डे जमवून, पैशाची पैज न लावता खेळला जाणारा खेळ बंदीच्या व्याख्येत बसत नाही. पण ‘पन्नास रुपये भरा, रूममध्ये या, जिंकणाऱ्याला पाचशे’ असे कोणी मेसेजिंग ग्रुपवर सुरू केले तर तोच खेळ जुगाराच्या वाटेला लागतो. सामन्याचा कोड देण्यासाठी पैसे, ओटीपी किंवा खात्याचा पासवर्ड मागणाऱ्यापासून तर लांबच राहावे. खासगी सामन्यात सामील व्हायला यांपैकी काहीच लागत नाही.

उरतो प्रश्न बंद पाकिटांचा. पैसे देऊन पाकीट घ्यायचे आणि आत कोणते कार्ड निघेल ते नशिबावर. जपानने २०१२ मध्ये यातल्या एका टोकाच्या प्रकाराला आळा घातला. बेल्जियमने २०१८ मध्ये खेळांतल्या अशा पैशाच्या पेट्यांना जुगार ठरवले. आपल्याकडे ही चर्चा जेमतेम सुरू झाली आहे. तोवर पालकांच्या फोनवरची यूपीआय खाती मुलांच्या हाती मोकळी न सोडणे, हाच खरा कायदा.

सातारा-सांगलीने काय करावे?

मुलांना रागावून फोन काढून घेणे हा एक मार्ग आहे आणि तो फारसा चालत नाही, हे घरोघरी माहीत आहे. दुसरा मार्ग सांगलीने पूर्वीच दाखवला आहे. भाऊसाहेब पडसलगीकर यांच्या नूतन बुद्धिबळ मंडळाने या गावात वर्षानुवर्षे उन्हाळी स्पर्धा भरवल्या. भाग्यश्री साठे-ठिपसे आणि स्वाती घाटे यांच्यासारख्या खेळाडू सांगलीच्या. त्यांच्यासाठी कोणीतरी पट मांडले, खुर्च्या लावल्या, फेऱ्यांचे कागद भिंतीवर डकवले. घरात बसून एकट्याने खेळला जाऊ शकणारा डाव त्यामुळे गावाचा झाला.

कार्ड गेमसाठी याहून कमी लागते. बुद्धिबळातलीच स्विस पद्धत इथेही वापरतात. तिच्यात कोणी बाद होत नाही आणि दर फेरीत सारख्या गुणांचे समोरासमोर येतात. १६ मुले, चार फेऱ्या, एक वायफाय आणि जोड्या लिहायला एक फळा, एवढ्यावर रविवारची दुपार निघते. साताऱ्यातले, सांगलीतले नगरवाचनालय, कराडच्या शासकीय अभियांत्रिकीचे किंवा सांगलीच्या वालचंदचे वसतिगृह यांपैकी कोणीही हे करू शकते. पैशाची पैज नाही, खरेदीची सक्ती नाही आणि समोर कोण बसले आहे ते दिसते.

शिवाय खेळ हरल्यावर ‘तो पत्ता आधी का नाही टाकलास?’ हे विचारणारे कोणीतरी जवळ असते. सर्व्हर हरलेल्याला लगेच पुढच्या रांगेत उभे करतो. हरलेला डाव समजावून सांगायला शेजारी बसलेला माणूस लागतो आणि तो शोधण्याचे काम गावालाच करावे लागेल.