पायीं पायीं : बाग आणि बाजार

शीळफाटा हें नांव उच्चारतांच आमच्या बहुतेक वाचकांच्या डोळ्यांपुढें ना बाग उभी राहील, ना बाजार. कल्याण-डोंबिवलीकडील, मुंब्र्याकडील, महाप्याकडील आणि पनवेलकडील रस्ते येथें एकमेकांस गांठतात, व त्या गांठींत वाहनें अडकून पडतात, एवढीच या ठिकाणाची ख्याति. तथापि आज ज्या देशाविषयीं या सदरांत दोन शब्द लिहिण्याचें योजिलें आहे, त्या जपानचें नातें या फाट्याशीं जडलें आहे. मुंबई-अहमदाबाद हा ५०८ किलोमीटरांचा अतिवेगवान लोहमार्ग जपानच्या साह्यानें होत आहे. त्याचा वांद्रे-कुर्ला संकुलापासून निघणारा २१ किलोमीटरांचा बोगदा शीळफाट्याशींच उजेडांत येतो. त्यांतील सुमारें ७ किलोमीटर ठाण्याच्या खाडीखालून जावयाचे आहेत. आणि घणसोली ते शीळफाटा हा जवळजवळ ५ किलोमीटरांचा तुकडा सप्टेंबर २०२५ मध्यें आरपार खोदून झाला.

जपान आमच्या अंगणांत उतरत आहे तो असा वेगाच्या रूपानें. परंतु याच राष्ट्रानें मनुष्याच्या सावकाश चालीसाठीं दोन गोष्टी मोठ्या प्रेमानें घडविल्या आहेत. एक त्याचा जुना बाजाररस्ता, व दुसरी त्याची फिरण्याची बाग. या दोहोंची ओळख करून घेण्यास विमानांतच बसलें पाहिजे असें नाहीं. शीळफाट्यावरून पनवेलमार्गें पुण्यास गेलें तरी पुष्कळ काम भागतें. तें कसें, हें सांगण्यापूर्वीं मूळ स्थळाची थोडी माहिती देणें अवश्य आहे.

ओकायामा हें पश्चिम जपानांतील एक जुनें शहर. आसाही नदीच्या कांठीं काळ्या भिंतींचा किल्ला, आणि त्याच्या समोर नदीच्या वेढ्यांत 'कोराकुएन' नांवाचें उद्यान. तेथील सरदार इकेदा त्सुनामासा याच्या आज्ञेनें १६८७ मध्यें त्याचा आरंभ झाला व १७०० मध्यें तें पुरें झालें. म्हणजे इकडे संभाजीमहाराजांचें राज्य चालू असतां तिकडे मातीचीं टेकाडें रचलीं जात होतीं, आणि राजाराममहाराज निवर्तले त्या वर्षीं बाग सिद्ध झाली. सुमारें १३ हेक्टरांचें हें उद्यान १८८४ पासून सर्व लोकांस खुलें आहे. १९४५ च्या बाँबहल्ल्यांत त्याची पुष्कळ हानि झाली. परंतु जुनीं चित्रें हातीं होतीं, त्यांबरहुकूम तें पुन्हां उभें करण्यांत आलें. राज्यकर्त्यानें प्रजेच्या आधीं चिंता वाहावी आणि प्रजेच्या नंतर सुख भोगावें, अशा आशयाच्या एका जुन्या चिनी वचनावरून त्याचें नांव ठेविलेलें आहे.

अशी बाग एका जागीं उभें राहून पाहावयाची नसते. मोगली पद्धतीच्या बागेंत दाराशीं उभें राहिलें कीं सरळ पाट, दोहों अंगांस सारखे ताटवे, असा सगळा बेत एका दृष्टींत भरतो. जपानी बाग असें एकदम दर्शन देत नाहीं. वाट वळते, झुडपाआड तळें लपतें. चार पावलांनीं त्याचा एक कोपरा दिसतो, तों पुन्हां टेकाड आडवें येतें. या लपविण्या-दाखविण्यास त्यांच्या भाषेंत 'मिएगाकुरे' असा स्वतंत्र शब्दच आहे. पावलांखालचे दगडसुद्धां हेतु धरून मांडलेले असतात. दगड लहान व वेडेवांकडे असले म्हणजे चालणाराची नजर आपोआप खालीं राहते. मग एक रुंद दगड येतो, पाय स्थिर होतो, मान वर होते, आणि पाहण्याजोगें दृश्य नेमकें तेथूनच समोर येतें! कुंपणापलीकडचा डोंगर देखील बागेच्या चित्रांत ओढून घेतात. त्यास ते 'शाक्केई', म्हणजे उसनें आणलेलें दृश्य, असें म्हणतात. कोराकुएनने समोरचा किल्ला आणि पलीकडचे मिसाओ डोंगर असे उसने आणले आहेत. याच बागेंत भाताचें खाचर आहे आणि चहाचा मळाहि आहे. शोभा व उपयोग यांची फारकत तेथें केलेली नाहीं.

आतां बाजाररस्ता. जपानांत त्यास 'शोतेंगाई' म्हणतात. पुष्कळ शहरांतून असा रस्ता वरून छतानें झांकलेला असतो आणि त्यांत गाड्यांस मज्जाव असतो, निदान ठराविक वेळीं तरी. ओकायामा शहरांत किल्ल्याच्या पश्चिमेस 'ओमोतेचो' नांवाचा असा रस्ता आहे. जुन्या पद्धतीच्या दुकानाच्या दारावर 'नोरेन' हा अर्धा पडदा लोंबतो. त्यावर दुकानाचें नांव वा चिन्ह असतें, आणि आंत शिरतांना गिऱ्हाइकास किंचित् वांकावें लागतें. दर्शनी बाजू अरुंद, आंत खोलच खोल, पुढें दुकान आणि मागें अथवा माडीवर बिऱ्हाड, ही त्यांच्या व्यापारी घरांची रचना आमच्या पेठांतील माणसास कांहीं परकी वाटणार नाहीं. परंतु हे रस्तेहि आज सर्वत्र सुखांत आहेत असें नव्हे. गांवाबाहेर मोटारीनें जाण्याजोगीं अवाढव्य दुकानें निघालीं, तरुण मंडळी मोठ्या शहरांकडे गेली, आणि अनेक गांवांतील शोतेंगाईंचीं दारें एकामागून एक बंद झालीं. अशा ओसाड रस्त्यांस जपानी लोक 'शटरांचे रस्ते' म्हणूं लागले आहेत.

या कोराकुएनच्या धर्तीवरचें एक उद्यान महाराष्ट्रांत आहे, हें आमच्या कांहीं वाचकांस ठाऊक असेलच. पुण्याच्या सिंहगड रस्त्यावर, पर्वतीच्या टेकडीजवळ, सुमारें १० एकरांत 'पुणें-ओकायामा मैत्री उद्यान' वसलें आहे. तें २००६ मध्यें खुलें झालें, व त्यास पु. ल. देशपांडे यांचें नांव दिलेलें आहे. 'पूर्वरंग' या प्रवासवर्णनांत त्यांनीं जपानविषयीं लिहिलें असल्यामुळें हें नांव येथें विशेष शोभतें. गेल्या हिंवाळ्यांत आम्ही घरचीं सात माणसें तेथें गेलों. बरोबर आमच्या थोरल्या आत्याबाई होत्या. वय वर्षें ७८. डोंबिवलीचें जुनें घर पाडावयास घेतल्यापासून त्या शीळ रस्त्यालगतच्या एका उंच इमारतींत मुलाकडे राहतात.

चालीचा आरंभ आम्ही तुळशीबागेपासून केला, व तो हेतुपुरस्सर केला. नारो आप्पाजी खिरे, जे पुढें तुळशीबागवाले म्हणून प्रसिद्धीस आले, त्यांनीं उभारलेल्या राममंदिराचें काम १७६३ च्या सुमारास सुरू झालें. त्या मंदिराभोंवतीं आज पूजेचीं उपकरणीं, तांब्यापितळेचीं भांडीं, बांगड्या, आणि मुलींच्या भातुकलीचा इवलासा संसार यांचा बाजार भरलेला असतो. जवळच नाना फडणविसांनीं बांधलेलें बेलबागेंतील विष्णुमंदिर. नांवांकडे लक्ष द्यावें: तुळशीबाग, बेलबाग! तुळस आणि बेल पिकविणाऱ्या बागांच्या जागीं देव आले, देवांच्या आश्रयानें दुकानें आलीं, आणि नांव मात्र बागेचेंच राहिलें. जपान्यांनीं बाजार व बाग नदीच्या दोन कांठांवर ठेविलीं. पुणेकरांनीं तीं एकाच शब्दांत कोंडलीं. तेथून १८८६ मध्यें उघडलेल्या मंडईच्या अष्टकोनी इमारतीवरून पुढें गेलें म्हणजे सारसबाग लागते. येथें नानासाहेब पेशव्यांनीं करविलेलें तळें होतें; त्यांतील बेटावर १७८४ मध्यें, सवाई माधवरावांच्या काळीं, गणपतीची स्थापना झाली. पाणी, बेट, आणि बेटावर देव. ही रचना पाहिली असतां रम्य बागेची हौस आम्हांस परदेशांतून आणावी लागली असें कोण म्हणेल? तळें आतां बुजलें असून तेथें हिरवळ आहे, तरी लोक त्यास अद्याप तळ्यांतला गणपतीच म्हणतात.

सारसबागेपासून पुढें मात्र वाहनांची दाटी फार, म्हणून आत्याबाईंस रिक्षांत बसविलें. मैत्री उद्यानाच्या दारांतून आंत शिरतांच आमच्या चिरंजीवांनीं हिरवळीवर धूम ठोकली, आणि तत्काळ पहारेकऱ्याची शिटी वाजली. येथें हिरवळीवर पाय ठेवण्यास मनाई आहे, व त्याबद्दल पुष्कळ लोक कुरकुर करतात. आमच्या मतें या मनाईंतच बागेचें मर्म आहे. पावलांसाठीं वाट केलेली आहे; हिरवळ डोळ्यांसाठीं आहे. कोठूनहि कोठेंहि चालतां आलें असतें तर वाटेच्या वळणांस कांहीं अर्थच उरला नसता. त्या वाटेनें पाण्याचा झरा ओलांडावा, पुलावर थांबून तळ्यांतील रंगीत मासे पाहावे, आणि शेवटीं टेकाडावर चढून आपण कोठून कोठून आलों तें न्याहाळावें. अर्धा तास कसा गेला हें कळत नाहीं.

आत्याबाई काठी टेकीत सर्वांच्या मागून येत होत्या. त्यांच्या सूनबाई हात धरावयास गेल्या, तर त्यांनीं तो हळूच सोडविला. पुढें बाकावर बसल्यावर त्या म्हणाल्या, "इथं कुणाला माझी अडचण होत नाहीं." एवढेंच बोलल्या, आणि पाण्याकडे पाहत राहिल्या.

त्या वाक्यानें आम्हांस विचारांत पाडलें. जुन्या डोंबिवलींत असतांना आत्याबाई रोज सकाळीं गणेशमंदिरांत जात, येतांना फडके रस्त्यावरून फुलें व भाजी घेत, आणि चौघींशीं बोलून घरीं परतत. आज त्यांच्या इमारतीखालीं सुंदर बाग आहे, व्यायामाचीं यंत्रें आहेत, थोड्या अंतरावर झगमगीत दुकानेंहि आहेत. नाहीं ती या दोहोंच्या मधली वाट. कुंपणाबाहेर पाऊल टाकिलें कीं थेट अवजड गाड्यांचा रस्ता. त्यामुळें देवदर्शनास मुलाची मोटार रिकामी होण्याची वाट पाहावी लागते, आणि भाजी घरपोंच येते. त्यांस कांहीं कमी नाहीं. तथापि ज्या स्त्रीनें साठ वर्षें संसाराचा बाजार स्वतः पायीं केला, ती आतां "न्याल तेव्हां येईन" असें म्हणूं लागली आहे. पाय अधू झाले म्हणून असें घडलें नाहीं, हें त्या दिवशीं पुण्यांत आम्हीं डोळ्यांनीं पाहिलें. चार बेटांची नक्कल करणारी बाग आम्हीं प्रत्येक संकुलांत उभारूं. परंतु बाग ही कुंपणाच्या आंत संपली आणि बाजार मोटारीच्या पलीकडे गेला, तर म्हातारीं माणसें आणि लहान मुलें दोन्हीकडून बंदींत पडतात.

हें टाळतां येण्याजोगें आहे, याचा पुरावा फार दूर शोधावयास नको. ठाण्याच्या जांभळी नाक्याचा बाजार, सरसुभेदार रामाजी महादेव बिवलकरांनीं १७६० मध्यें पुन्हां बांधविलेलें कौपिनेश्वराचें देऊळ, आणि त्यालगतचा मासुंदा तलाव हीं तिन्ही एकमेकांपासून हाकेच्या अंतरावर आहेत. गर्दी आहे, गोंगाट आहे, पदपथ सर्वत्र धड नाहींत. पण सौदा करावा, दर्शन घ्यावें आणि पाण्याकांठीं घटकाभर बसावें, हा क्रम तेथें म्हाताऱ्या माणसास अजून पायीं साधतो. जपानी बागेचा धडा हाच नव्हे काय? चालणाराचा विचार आधीं करावा, वाट त्याच्या पावलाच्या मापानें आंखावी, आणि मग तिच्या कडेला काय लावावयाचें तें लावावें.

शीळफाट्याच्या परिसरांत अजून पुष्कळ घरें बांधलीं जावयाचीं आहेत, आणि आमच्या वाचकांपैकीं अनेक कुटुंबें तेथें घर घेण्याच्या विचारांत असतील. घर पाहावयास जाल तेव्हां खोल्या मोजा, पाण्याची सोय विचारा, हें तर खरेंच. पण एक परीक्षा आणखी करावी. घरांतील सर्वांत वडील माणसास बरोबर न्यावें, फाटकाबाहेर उभें करावें, आणि तेथून भाजीपर्यंत व देवळापर्यंत एकट्यानें चालत जाऊन यावयास सांगावें. तें माणूस हंसतमुखानें परत आलें तर घर चांगलें आहे असें समजावें.