पडद्यावरची चालते, गल्लीतली नाही

आमच्या बचत गटाने महिला दिनाला 'सांगत्ये ऐका' दाखवायचं ठरवलं, तेव्हा दोघीतिघींनी नाक मुरडलं. "ताई, बायकांच्या कार्यक्रमात तमाशाचा पिक्चर?" गंमत म्हणजे 'मानिनी' (१९६१) लागला की याच बायका पदराने डोळे पुसतात. दोन्ही चित्रपटांची नायिका जयश्री गडकर आणि दिग्दर्शकही एकच, अनंत माने.

कोल्हापूरचे माने (१९१५-१९९५) 'प्रभात'मध्ये संकलन शिकले. १९५९ साली त्यांचा 'सांगत्ये ऐका' आला आणि पुण्याच्या विजयानंद टॉकीजमध्ये १३१ आठवडे चालला. अडीच वर्षं! पुढे 'केला इशारा जाता जाता' (१९६५), 'एक गाव बारा भानगडी' (१९६८) आले, आणि तमाशापट म्हटलं की मान्यांचंच नाव घेतलं जाऊ लागलं.

लोक लावणीसाठी जात असतील, नाही कुठं म्हणते मी? पण या चित्रपटात बोलतं कोण, ते बघा. बैलांच्या शर्यतीवरून (आपल्याकडचा शंकरपटच म्हणा ना) पेटलेलं वैर, त्यातून पाटलाने केलेलं पाप, आणि ते भर गावासमोर सांगते ती तमाशात नाचणारी पोर. आपल्या घरातली शिकलेली बाई चार माणसांत तरी असं बोलते का?

एक मात्र मला खटकतं. मान्यांची तमाशातली नायिका मनाने धुतल्या तांदळासारखी असावी लागते, तरच आपण तिच्यासाठी रडतो. याच चित्रपटात काम केलेल्या हंसा वाडकरांनी आपलं आत्मचरित्र याच नावाने सांगितलं, आणि त्यात स्वतःचं चुकलंमाकलंही लपवलं नाही. श्याम बेनेगलांचा 'भूमिका' (१९७७) त्यावरच बेतलेला आहे.

आमच्या गटातही अशी एकजण आहे. झाडीपट्टीच्या नाटकांत काम करते. मंडई सुरू झाली की रात्रभर प्रयोग, पहाटे गाडीतून घरी, आठ वाजता पोरांचे डबे. तिचं नाटक बघायला आपण शाल गुंडाळून पहिल्या रांगेत बसतो. हळदीकुंकवाच्या यादीत मात्र तिचं नाव दरवर्षी 'राहून' जातं. यादी मीच करायची, म्हणून दोष दुसऱ्या कुणाला देत नाही.

त्या दिवशी सिनेमा संपल्यावर सगळ्या जयश्रीबाईंचं कौतुक करत होत्या. ही मागे एकटी सतरंज्या गुंडाळत होती. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

यंदा संक्रांतीला मी स्वतः तिच्या घरी आमंत्रण द्यायला गेले. दोन क्षण माझ्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, "ताई, दुपारी ठेवा ना. संध्याकाळी मला प्रयोगाला निघावं लागते."