विडंबनाला मते मिळू लागली तेव्हा

नेदरलँड्सच्या संसदेची निवडणूक 26 मे 1981 रोजी व्हावयाची होती, आणि तिच्या आधीच्या हंगामात त्या देशातील घरांत, कचेऱ्यांत आणि पानगृहांत ज्या पक्षाचे नाव लोकांच्या तोंडी बसले होते, त्या पक्षाची ना कोठे नोंदणी झाली होती, ना त्याला खजिना होता, ना दप्तर. ‘टेखेनपार्टाय’, म्हणजे सर्वांच्या विरुद्ध उभा राहणारा पक्ष, हे त्याचे नाव. हेगच्या रस्त्यावरच्या बोलीत बोलणारे, कायद्याच्या कडेकडेने धंदा करणारे याकोप्से आणि फान एस हे त्याचे पुढारी. आणि हे दोन्ही पुढारी म्हणजे केस फान कोटेन व विम द बी या दोन विडंबनकारांनी दूरचित्रवाणीवर उभी केलेली सोंगे होती. सर्वांना श्रीमंत करण्याचे वचन द्यावयाचे, कोणाची कुरकूर ऐकून घ्यावयाची नाही, परदेशांतून आलेल्या मजुरांवर सगळ्या दुःखांचे खापर फोडावयाचे आणि राज्यकारभाराचा प्रत्येक प्रश्न चार शब्दांत निकालात काढावयाचा, असा त्या पक्षाचा जाहीरनामा होता. लोक हसले, आणि हसता हसता त्यांच्यापैकी काही जण अगदी मनापासून म्हणू लागले की असा पक्ष खरोखर उभा राहिला तर आमचे मत त्यालाच. हे ध्यानात येताच, निवडणूक जवळ आलेली असताना, आपली सर्वांत लोकप्रिय सोंगे त्या दोघांनी पडद्यावरच गोळ्या घालून संपवून टाकली.

विम द बी यांच्या दीर्घ कारकिर्दीतील हा निर्णय मला सर्वांत मोलाचा वाटतो, आणि तो एकाएकी सुचलेला नव्हता असे माझे मत आहे. तो कोठून आला हे समजून घ्यावयाचे तर त्यांच्या उमेदवारीच्या वर्षांकडे वळले पाहिजे.

17 मे 1939 रोजी हेग येथे जन्मलेल्या द बी यांची आणि त्यांच्याहून दोन वर्षांनी लहान असलेल्या फान कोटेन यांची ओळख तेथील एका माध्यमिक शाळेत झाली, आणि शाळेच्या रंगमंचावर सुरू झालेली ती जोडी पुढे जवळजवळ चार दशके अभंग राहिली. द बी प्रथम ‘व्हारा’ या प्रक्षेपणसंस्थेच्या नभोवाणी विभागात रुजू झाले. तेथे 1960 नंतरच्या दशकात तरुण श्रोत्यांसाठी चालणाऱ्या कार्यक्रमात या दोघांनी दोन सामान्य गृहस्थांचे संवाद सादर करण्यास आरंभ केला. ते गृहस्थ एकमेकांशी अखंड बोलत, परंतु त्यांच्या बोलण्यात स्वतःचे असे एकही वाक्य नसे, सारी वाक्ये वर्तमानपत्रातून, शेजाऱ्याकडून किंवा कचेरीतून उसनी आणलेली असत. नभोवाणीवर चेहरा नाही, वेश नाही, हातवारे नाहीत. माणूस ओळखावयाचा तो त्याच्या स्वराच्या चढउतारावरून, अडखळण्यावरून आणि वाक्य अर्धवट सोडण्याच्या लकबीवरून. द बी यांचे कान या शाळेत तयार झाले, आणि पुढे त्यांनी दूरचित्रवाणीवर जी असंख्य पात्रे उभी केली त्यांतील प्रत्येक पात्र प्रथम कानाने पकडलेले आणि मागाहून डोळ्यांना दाखविलेले आहे, हे ती पात्रे पाहणाऱ्याच्या तत्काळ प्रत्ययास येते.

येथे त्या देशाच्या प्रक्षेपणव्यवस्थेविषयी दोन शब्द सांगितल्यावाचून पुढे जाता येणार नाही. नेदरलँड्समध्ये नभोवाणी आणि दूरचित्रवाणी ही सरकारच्या एकाच खात्याच्या अंमलाखाली नव्हती; कॅथलिकांची केआरओ, सनातनी प्रॉटेस्टंटांची एनसीआरव्ही, समाजवाद्यांची व्हारा, उदारमतवादी प्रॉटेस्टंटांची व्हीपीआरओ अशा निरनिराळ्या संस्था असत, आणि समाजच मुळी अशा धर्म-मतांच्या स्तंभांत विभागलेला असल्यामुळे मनुष्य ज्या स्तंभात जन्मला त्याच स्तंभाचे वर्तमानपत्र वाची, त्याच स्तंभाच्या शाळेत शिके आणि त्याच संस्थेचा कार्यक्रम ऐके. दूरचित्रवाणी 1951 साली आली तेव्हा मात्र एक अघटित घडले. वाहिनी एकच होती, त्यामुळे कॅथलिकाच्या दिवाणखान्यात समाजवाद्याचा कार्यक्रम दिसू लागला. व्हाराने 1963 साली, लंडनच्या बीबीसीवरील अशाच एका कार्यक्रमापासून स्फूर्ती घेऊन, पहिला उपरोधपर कार्यक्रम सुरू केला, आणि 4 जानेवारी 1964 रोजी त्यात दूरचित्रवाणीच्या यंत्राचीच देवतेप्रमाणे स्तोत्र-प्रार्थनेच्या थाटात पूजा बांधणारा एक प्रवेश झाला. देशभर क्षोभ उसळला. अखिल देशाची लाडकी निवेदिका मीस बाउमान त्या कार्यक्रमात होती. तिला इतक्या धमक्या आल्या की तिने त्यातून अंग काढून घेतले. जो प्रवेश मुळात लोकांच्या यंत्रभक्तीवर रोखलेला होता तो धर्मावरचा घाला म्हणून गणला गेला, आणि प्रेक्षकाने विडंबन भलत्याच अर्थाने घेतले तर काय होते याचा धडा त्या देशातील सर्व विनोदकारांना फार लवकर मिळाला.

द बी आणि फान कोटेन यांनी 1967 पासून व्हाराच्याच ‘हादिमासा’ या उपरोधपर कार्यक्रमात काम केले व 1972 साली ते व्हीपीआरओकडे गेले. ही संस्था सर्वांत लहानांपैकी होती, परंतु त्या सुमारास तिच्यात तरुण निर्मात्यांनी असे परिवर्तन घडवून आणले होते की मूळच्या धर्मनिष्ठ संस्थेत कलावंताला त्या देशात अन्यत्र न मिळणारी मोकळीक मिळू लागली. एलेन येन्स या दिग्दर्शिकेने त्यांना साथ दिली. निर्मितीचा व्याप लहान, हुकूम देणारा वरिष्ठ दूर, आणि हसणारा प्रेक्षकसमूह मुळीच नाही, अशी ती कार्यपद्धती होती. आणि या अखेरच्या गोष्टीला मी फार महत्त्व देतो. ज्या कार्यक्रमात ध्वनिमुद्रित हास्याचा कल्लोळ पेरलेला असतो तेथे प्रेक्षकाला केव्हा हसावे हे सांगितले जाते, आणि कशाला हसावे हेही त्याच्या वतीने ठरविले जाते. द बी यांच्या कार्यक्रमात प्रवेश संपला की नुसती शांतता असे, आणि त्या शांततेत आपण कोणाला हसलो याचा हिशेब प्रेक्षकाला स्वतःशीच करावा लागे.

एका काल्पनिक संघटनेचे पदाधिकारी म्हणून त्यांनी 1974 साली आपला स्वतंत्र कार्यक्रम आरंभिला, आणि तेव्हापासून पात्रांची जी मालिका सुरू झाली ती एखाद्या कादंबरीकाराच्या संसाराइतकी विस्तृत आहे. यॉइनन नावाचे एक गाव त्यांनी कल्पिले. नकाशावर ते नाही, परंतु तेथील नगराध्यक्ष फान डेर फार्ट आणि त्यांचे सहकारी हेकिंग यांनी पत्रकारांना सामोरे जाताना दाखविलेला तोरा, एकमेकांचा सांभाळलेला मुलाहिजा आणि प्रसंगी एकमेकांवर केलेली कुरघोडी ज्यांनी पाहिली, त्यांना आपापल्या गावच्या नगरपालिकेचा कारभार नव्याने दिसू लागला. द बी यांनी साकारलेले एकट्याचे पात्र म्हणजे मेनेर फॉपे, हेगमधील एक भिडस्त, एकलकोंडा गृहस्थ, ज्याला जगाशी संबंध ठेवण्याची तीव्र इच्छा आहे आणि तो कसा ठेवावा हे कळत नाही. फॉपे बोलू लागला की आरंभी हसू येते. थोड्या वेळाने त्या हसण्याची लाज वाटू लागते. आणि अखेरीस या मनुष्याचे कोणी ऐकून घेईल तर बरे, अशी कळकळ मनात दाटून येते. त्याच द बी यांनी डिर्क हा रस्त्यावर राहणारा, गुरगुरणारा भणंग उभा केला, आणि मेमीन होलबोख ही आपल्या मतांच्या तटबंदीत कोंडलेली स्त्रीही उभी केली. त्यांतील एकालाही त्यांनी नुसते हास्यास्पद म्हणून सोडून दिले नाही. पात्राचा उपहास करणारा नट पात्राबाहेर उभा राहतो. द बी पात्राच्या आत शिरून त्याची बाजू मांडीत, आणि ती बाजू कोठे मोडून पडते ते प्रेक्षकाला पाहू देत.

आता याकोप्से आणि फान एस यांच्या मृत्यूकडे वळू. फान एस द बी यांनीच रंगविला होता. त्या दोघांच्या बोलण्यात जो जोम होता, जी ऐट होती, थोरामोठ्यांना एका शब्दात उडवून लावण्याची जी बेदरकारी होती, ती इतकी अस्सल उतरली होती की ज्यांच्या मनात त्याच जातीचा राग साचला होता त्यांना तो आरसा न वाटता ध्वज वाटला. त्या काळी डच प्रेक्षकाला स्वदेशी वाहिन्या दोनच होत्या, त्यामुळे एका रात्री उच्चारलेले वाक्य दुसऱ्या दिवशी शाळेच्या मैदानापासून कारखान्यापर्यंत सर्वत्र ऐकू येई. अशा परिस्थितीत सोंग हातचे निसटावयाला वेळ लागत नाही. लोकप्रियतेच्या ऐन माध्यान्ही असलेली पात्रे मारून टाकणे हे भित्रेपणाचे लक्षण होय, विडंबनकाराचे काम दाखविण्याचे, प्रेक्षकाच्या मूर्खपणाची जोखीम त्याच्या माथी का, असा आक्षेप या संदर्भात घेता येईल, आणि तो क्षुल्लक नाही. कारण प्रत्येक गैरसमजाला भिऊन लेखणी खाली ठेवावयाची ठरविली तर उपरोध नावाचा वाङ्मयप्रकारच बंद करावा लागेल. तरीही मला तो पटत नाही. 1964 साली प्रेक्षक रागावला होता, आणि रागावलेल्या प्रेक्षकासमोर विडंबनकाराने ठाम उभे राहिले पाहिजे यात शंका नाही. परंतु 1981 साली प्रेक्षक प्रसन्न होता, तो टाळ्या वाजवीत होता आणि ज्याचा धिक्कार करावयाचा त्याच्याच मागे चालू लागला होता. रोषापुढे न नमणे हे धैर्य खरेच. पण टाळ्यांपुढे न नमण्याला त्याहून मोठे धैर्य लागते, कारण रोष पत्करणाऱ्याचा गौरव करणारे मित्र तरी भेटतात, टाळ्या नाकारणाऱ्याला सारे वेडा म्हणतात.

त्या निर्णयाने इतिहासाचा ओघ बदलला असे मी म्हणत नाही. परकीयद्वेषावर उभा राहिलेला एक खराखुरा पक्ष 1980 साली त्या देशात स्थापन झालाच होता, आणि 1982 सालच्या निवडणुकीत त्याचा प्रतिनिधी हान्स यानमात संसदेत जाऊन बसला. पुढे 2002 साली पिम फोर्टाउन या राजकारण्याने प्रस्थापित पक्षांविरुद्ध लोकांच्या असंतोषाला वाचा फोडली तेव्हा अनेकांना याकोप्से आणि फान एस यांची आठवण झाली. फोर्टाउन हे सुविद्य प्राध्यापक होते, त्या दोन सोंगांशी त्यांची सरसकट तुलना करणे अन्यायाचे होईल. निवडणूक नऊ दिवसांवर आली असताना, 6 मे 2002 रोजी, हिल्वरसुम येथे नभोवाणीवरील मुलाखत आटोपून बाहेर पडत असता त्यांचा गोळ्या घालून खून करण्यात आला. पडद्यावर कल्पिलेला प्रसंग रस्त्यावर प्रत्यक्षात उतरलेला पाहताना तो देश ज्या धक्क्याने सुन्न झाला, त्यापुढे विनोदाची सर्व चर्चा थिटी पडते. विडंबनकाराच्या हाती इतिहास थांबविण्याची सत्ता नसते; आपल्या हाताने त्याला रसद पुरवावयाची की नाही, एवढेच त्याच्या हाती असते, आणि तेवढे द बी व फान कोटेन यांनी केले.

1981 नंतरच्या त्यांच्या कारकिर्दीचा तपशील थोडक्यात सांगता येईल. 1988 ते 1993 या काळात दर रविवारी रात्री सरत्या आठवड्याचा समाचार घेणारा त्यांचा कार्यक्रम म्हणजे अनेक डच कुटुंबांचा नित्यनेम झाला होता. याच अवधीत, 1989 साली, खासगी व्यापारी वाहिनी त्या देशात अवतरली आणि प्रेक्षक विखुरले, तरी त्यांच्या कार्यक्रमाची प्रतिष्ठा उणावली नाही. त्यांनी रूढ केलेले काही शब्द तर आज डच कोशांत नोंदलेले आहेत. 1998 साली त्यांनी दूरचित्रवाणीवरील आपले संयुक्त काम थांबविले, आणि तेही मागणी असताना. द बी पुढे एकट्याने लिहीत राहिले, नव्या शतकाच्या आरंभी महाजालावर रोजची टिपणे प्रसिद्ध करणाऱ्या तेथील पहिल्या नामवंतांपैकी ते एक होते, आणि 27 मार्च 2023 रोजी, वयाच्या 83व्या वर्षी, त्यांचे निधन झाले.

नेदरलँड्समध्ये नोकरीधंद्यानिमित्त राहणारी मराठी कुटुंबे आज थोडीथोडकी नाहीत, आणि त्यांतील पुष्कळांना डच भाषा शिकावी लागते. या स्तंभाच्या अशा वाचकांना माझी आग्रहाची विनंती आहे की द बी यांचे जुने प्रवेश त्यांनी मिळवून अवश्य पाहावेत. मात्र आरंभ याकोप्से आणि फान एस यांच्यापासून करू नये. प्रथम मेनेर फॉपे पाहावा, त्याचे बोलणे नीट कान देऊन ऐकावे, आणि मग त्या दोन पुढाऱ्यांकडे वळावे.

— नभोदर्शक